भाषा गेली, मेंढ्यांचे रंग राहिले

कानात हेडफोन आहेत, लोकल किंवा बस मिळालेली आहे आणि पुढची पंधरा मिनिटं तुम्ही माझे आहात असं मी धरून चालते.

आज एका मेलेल्या भाषेबद्दल बोलायचंय. अमुक भाषेची शेवटची बोलणारी व्यक्ती गेली अशी बातमी आपण अधूनमधून वाचतो. सोबत सुरकुतलेल्या चेहऱ्याचा एक फोटो असतो. आपण दोन सेकंद थांबतो, वाईट वाटून घेतो आणि पुढे स्क्रोल करतो. मला नेहमी प्रश्न पडतो, की त्या गावात दुसऱ्या दिवशी काय होतं? लोक मुके तर होत नाहीत. ते दुसऱ्या कुठल्या तरी भाषेत बोलत असतात, बरीच वर्षं आधीपासून बोलत असतात. मग त्या नव्या भाषेत जुनीतलं काय काय शिल्लक राहतं? आणि जे राहतं तेच का राहतं, बाकीचं का नाही?

या प्रश्नासाठी शेटलंडसारखी जागा नाही.

शेटलंड म्हटलं की बुटक्या केसाळ घोड्यांची जात आठवते, शेटलंड पोनी. काहींना बीबीसीची खुनांच्या तपासाची मालिका आठवेल. स्कॉटलंडच्या मुख्य भूमीपासून सुमारे १६० किलोमीटर उत्तरेला, समुद्रात विखुरलेली ही बेटं. लोकसंख्या साधारण २३ हजार, म्हणजे आपल्याकडचं एखादं तालुक्याचं गाव. राजधानी लर्विक. लर्विकहून स्कॉटलंडचं अ‍ॅबर्डीन जेवढं लांब, जवळजवळ तेवढंच नॉर्वेचं बर्गन लांब. हे अंतर लक्षात ठेवा, कारण सगळी गोष्ट या दोन किनाऱ्यांच्या ओढाताणीची आहे.

नवव्या शतकाच्या आसपास नॉर्वेकडून आलेले लोक इथे वसले. त्यांची भाषा तीच, जिच्यातून पुढे आइसलँडिक, नॉर्वेजियन, फेरोईज अशा भाषा झाल्या. शेटलंड आणि शेजारच्या ऑर्कनी बेटांवर तिला स्वतःचं वळण लागलं आणि तिला नाव मिळालं नॉर्न. गावांची नावं अजून त्याच भाषेतली आहेत. लर्विक म्हणजे चिखलाची खाडी. फूला म्हणजे पक्ष्यांचं बेट. टिंगवॉल म्हणजे सभेचं मैदान, जिथे खरोखरच बेटांची न्यायसभा भरायची.

आता पुढचा प्रसंग ऐकून तुम्हाला हसू येईल. डेन्मार्क-नॉर्वेचा राजा पहिला ख्रिश्चन. त्याच्या मुलीचं, मार्गारेटचं, लग्न ठरलं स्कॉटलंडच्या राजाशी, तिसऱ्या जेम्सशी. हुंडा ठरला ६०,००० फ्लोरिन. आणि राजाकडे पैसे नव्हते! मग त्याने काय केलं? गहाण टाकलं. १४६८ साली ५०,००० फ्लोरिनांपोटी ऑर्कनी. उरलेल्या दहा हजारांतले कसेबसे दोन हजार रोख दिले आणि १४६९ मध्ये ८,००० फ्लोरिनांपोटी शेटलंड. गहाणाचा माल सुटलाच नाही. पोरीच्या हुंड्यात दोन बेटसमूह गेले ते गेलेच.

पण राजा बदलला म्हणून भाषा दुसऱ्या दिवशी बदलत नाही. नॉर्न त्यानंतर तीनशे वर्षं तरी टिकली. ती हळूहळू कडेला ढकलली गेली. जमीनदार स्कॉटलंडहून आले, पाद्री तिथून आले, चर्चमधलं प्रवचन आणि बायबल स्कॉट्स-इंग्रजीत आलं. १६११ मध्ये बेटांवरचे जुने नॉर्स कायदे रद्द झाले, म्हणजे कोर्टकचेरीतही त्या भाषेला जागा उरली नाही. खंड कुणाला द्यायचा, अर्ज कुणापुढे करायचा, देवाचं नाव कुठल्या भाषेत घ्यायचं, सगळीकडे स्कॉट्स. घरात दोन्ही भाषा चालू होत्या. मग कुठल्या तरी पिढीत आईबापांनी मुलांशी एकीतच बोलायला सुरुवात केली.

याला अत्याचार म्हणायचं की लोकांनी स्वतःच केलेला व्यवहारी हिशेब, यावर अभ्यासकांमध्ये जुनं भांडण आहे. डेन्मार्कच्या परंपरेतले लाउरिट्स रेंडबो म्हणायचे, भाषा दडपली गेली. ब्रिटिश अभ्यासक मायकेल बार्न्स यांचं म्हणणं, लोकांनी ती सोडली, कारण दुसरी जास्त उपयोगाची होती. मला बार्न्स यांचं पटतं. पण जिथे जमीन, न्याय आणि देव हे तिन्ही दुसऱ्याच्या भाषेत असतात, तिथे ‘स्वखुशीने सोडली’ या शब्दांत खुशी कितीशी असते?

असो. १७७४ साल. जॉर्ज लो नावाचा एक स्कॉटिश पाद्री, निसर्गाचा अभ्यास करणारा माणूस, फूला बेटावर उतरला. फूला म्हणजे शेटलंडच्याही पश्चिमेला समुद्रात एकटा उभा असलेला खडक. तिथे त्याला विल्यम हेन्री नावाचा म्हातारा शेतकरी भेटला. त्याला नॉर्नमधलं एक लांबलचक कथागीत पाठ होतं. नॉर्वेची राजकन्या हिल्डिना, तिला पळवून नेणारा ऑर्कनीचा सरदार, त्याचा खून, आणि शेवटी तिने घेतलेला सूड: लग्नाच्या मेजवानीत दारूत गुंगीचं औषध घालून, दालनाला आग लावून. मालिकावाल्यांनी अजून उचललं कसं नाही कोण जाणे.

लोला नॉर्न येत नव्हती. एक शब्दही नाही. आणि हेन्रीलाही गाण्याचा सारांश सांगता येत होता, ओळीओळीचा अर्थ नाही. तरीही लोने कानाला ऐकू आलं तसं इंग्रजी अक्षरांत उतरवून घेतलं. पस्तीस कडवी! शिवाय एक प्रार्थना आणि तीसेक शब्द. त्याचं प्रवासवर्णन छापायला १८७९ उजाडलं, म्हणजे शंभरावर वर्षं ते हस्तलिखितातच पडून होतं. नॉर्वेच्या मारियस हेगस्टाडने १९०० साली त्या कडव्यांचा बारकाईने अभ्यास छापला, तरी काही जागा अजून नीट उलगडलेल्या नाहीत. नॉर्नमधला सलग असा सर्वांत मोठा मजकूर आज आपल्याकडे आहे, तो एका न समजणाऱ्या माणसाने अर्धवट समजणाऱ्या माणसाकडून लिहून घेतला म्हणून. तुमच्या फोनमध्ये व्हॉइस रेकॉर्डर आहे, एवढंच म्हणते आणि पुढे जाते.

शेवटचा नॉर्न बोलणारा म्हणून एक नाव सांगितलं जातं, वॉल्टर सदरलंड. अन्स्ट बेटावरच्या स्कॉ गावचा, म्हणजे ब्रिटनमधल्या अगदी उत्तरेच्या घरात राहणारा. तो १८५०च्या सुमारास गेला. पण त्याला भाषा येत होती की काही शब्द आणि म्हणी येत होत्या, यात मोठा फरक आहे. बार्न्स यांच्या मते रोजच्या बोलण्यातून नॉर्न अठराव्या शतकातच संपलेली होती. शेवटचा बोलणारा ही कल्पनाच मला थोडी फसवी वाटते. भाषा बोलायला दोघं लागतात. म्हणजे भाषा शेवटच्या माणसाबरोबर जात नाही, शेवटून दुसऱ्याबरोबर जाते.

आणि आता येतो माझा आवडता माणूस. याकोब याकोबसेन. जन्म १८६४, फेरो बेटांवरच्या तोर्शहाव्नचा. फेरो बेटं म्हणजे शेटलंडच्या वायव्येचा बेटसमूह, जिथे त्याच जुन्या भाषेची मुलगी, फेरोईज, आजही जिवंत आहे. याकोबसेन १८९३ मध्ये शेटलंडला आला आणि १८९५ पर्यंत बेटं पालथी घातली. भाषा मेली त्याला शंभरेक वर्षं झालेली. कुणी म्हटलं असतं, बाबा रे, उशीर झाला.

त्याने किती शब्द गोळा केले? सुमारे दहा हजार.

दहा हजार शब्द, भाषा मेल्यानंतर! लोक स्कॉट्स बोलत होते, पण त्या स्कॉट्सच्या आत नॉर्न ठासून भरलेली होती. होडी ओढून ठेवायच्या जागेला शेटलंडकर म्हणायचे नूस्ट. फेरोईजमध्ये होडीच्या खोपटाला म्हणतात नेयस्ट. काळापांढरा, लाल चोचीचा एक किनाऱ्यावरचा पक्षी आहे, शेटलंडमध्ये त्याला शाल्डर म्हणतात. फेरो बेटांवर तो त्याल्दुर, त्यांचा राष्ट्रीय पक्षी. आपल्या मावशीच्या घरात आजीची भांडी सापडावीत तसं त्याला होत असणार. त्यातून जो कोश झाला तो डॅनिशमध्ये १९०८ पासून १९२१ पर्यंत खंडाखंडाने निघाला. तो स्वतः १९१८ मध्येच गेला.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. काय राहिलं?

कायदा गेला. प्रार्थना गेली. कथागीतं गेली. राहिली ती होडी, मेंढी, हवा, पक्षी आणि समुद्र. जिथे पाद्री, जमीनदार आणि न्यायाधीश पोचत नव्हते ती प्रत्येक जागा.

मेंढ्यांचंच घ्या. शेटलंडच्या मेंढ्या लहान चणीच्या, पण रंग किती! मान्य असलेले मुख्य रंग अकरा आणि अंगावरच्या खुणांचे प्रकार तीस. त्यांतली बरीच नावं नॉर्स मुळाची. लालसर तपकिरी ती मूरिट. आइसलँडिकमध्ये आजही मोराउदुर म्हणतात. दहिवर पडल्यासारखी करडी ती शेला. निळसर राखाडी ती एम्स्केट. अंग फिकं आणि पोट गडद असेल तर कॅटमोगेट. डोळ्याभोवती वेगळा रंग, युग्लेट. गळ्याभोवती पट्टा, बील्सेट. पायात मोजे घातल्यासारखा रंग, सॉकेट. आपल्याकडे ज्यांनी गोठा पाहिलाय त्यांना हे ऐकून नवल वाटणार नाही. बांडा, चांद्या, ढवळा, पवळा हे शब्द ज्याला रोज शंभर पायांतून आपला बैल ओळखायचाय त्याच्यासाठी असतात. डोंगरावर सगळ्या गावाच्या मेंढ्या एकत्र चरतात तेव्हा ‘ती तपकिरी’ म्हणून भागत नाही. स्कॉट्समध्ये इतके बारीक शब्द तयार नव्हते. मग जुने शब्द कोण कशाला टाकेल?

हवेचं तसंच. दाट धुकं म्हणजे स्टंबा. मोठ्या मोठ्या पिसांसारखा पडणारा बर्फ, फ्लुक्रा. हिवाळ्यात समोरचं काही दिसू न देणारं हिमवादळ, मूरी कावी. डोंगरावर मेंढ्यांमागे गेलेल्या माणसाच्या जिवाचा प्रश्न असतो तो, नुसतं ‘आज हवा वाईट आहे’ म्हणून चालत नाही.

पण सगळ्यांत विलक्षण जागा म्हणजे समुद्र.

अठराव्या-एकोणिसाव्या शतकात शेटलंडचे पुरुष उन्हाळ्यात ‘हाफ’ला जायचे. हाफ म्हणजे खोल समुद्र, हाही नॉर्स शब्द. सहा वल्ह्यांची उघडी होडी, सिक्सरीन, तिच्यातून किनाऱ्यापासून चाळीस मैलांपर्यंत आत जायचं, लांब दोऱ्यांना गळ लावून लिंग आणि कॉड मासे धरायचे. हौस नव्हती ती. जमीन कसायला हवी तर जमीनदारासाठी मासेमारी करायची अशी अट असे. बेटांवर झाडं जवळजवळ नाहीत, त्यामुळे होड्या नॉर्वेतून यायच्या, सुट्या भागांत, इथे जोडायच्या. म्हणून होडीच्या तळफळ्या टिल्फर, पाणी उपसायचं भांडं औस्केरी, सगळी नावं नॉर्स.

आणि या होडीत बसलं की एक नियम लागू व्हायचा. जमिनीवरचे काही शब्द उच्चारायचे नाहीत. पाद्र्याला पाद्री म्हणायचं नाही, ‘अपस्टँडर’ म्हणायचं, म्हणजे उभा राहणारा. चर्चला चर्च नाही, ‘बेनीहूस’, प्रार्थनेचं घर. मांजरीला ‘व्होलर’, केकाटणारी. सुरीला ‘स्कूनी’. अशा शब्दांची मोठी यादी याकोबसेनने उतरवून घेतली. चुकून जमिनीवरचा शब्द निघाला तर अपशकुन.

आपल्याला हे परकं नाही. आपल्याकडे रात्री सापाला साप म्हणत नाहीत, लांबडं म्हणतात. नाव घेतलं की तो येतो. फरक एवढाच, की आपण लांबडं हा शब्द आपल्याच भाषेतून घडवला. शेटलंडच्या कोळ्यांना शब्द घडवावे लागले नाहीत, आजोबांची टाकलेली भाषा हाताशी होती. जी भाषा जमिनीवर मागासलेली ठरली, तीच समुद्रावर राखण करणारी झाली. मला हे वाचताना काटा आला होता. देवाला, राजाला, सावकाराला नवी भाषा. आणि मरणासमोर जुनी.

शब्दांनी राखण केली का? २० जुलै १८८१ला अचानक वादळ आलं आणि एका रात्रीत दहा होड्या आणि ५८ माणसं गेली. त्यांतली बरीच यल बेटाच्या ग्लूपची. त्यानंतर हाफ मासेमारी ओसरत गेली आणि शतकाअखेर संपली. याकोबसेन आला तेव्हा हे शब्द जाणणारी माणसं अजून होती, शब्द वापरायची होडी मात्र नूस्टमध्ये चढलेली होती.

शब्दांपलीकडेही काही राहिलं का? व्याकरणात? इथे सावध राहायला हवं. शेटलंडची बोली ऐका. जवळच्या माणसाला ‘डू’ म्हणतात, मोठ्यांना आणि परक्यांना ‘यू’. म्हणजे सरळ आपलं तू आणि तुम्ही. निर्जीव वस्तूंना लिंग आहे: हवामान ‘तो’, फावडं ‘तो’, दिवा ‘ती’. इंग्रजी माणसाला याची गंमत वाटते, आपल्याला त्यात काहीच वाटत नाही. आणि ‘मी पाहिलं आहे’ म्हणताना ते इंग्रजीतलं ‘हॅव’ वापरत नाहीत, ‘आहे’ वापरतात: ‘आयम सीन’. हे सगळं नॉर्नचं देणं आहे, असं अभिमानाने सांगितलं जातं. पण ‘डू’सारखा शब्द जुन्या स्कॉट्समध्येही होता आणि त्या ‘आहे’बद्दल तर अभ्यासकांचं एकमत नाही, कारण नॉर्वेजियनमध्ये तिथे बहुधा ‘हॅव’चाच भाऊ येतो. सगळ्यांत गमतीचा शब्द ‘पीरी’, म्हणजे छोटा, इवला. शेटलंडचा मानाचा शब्द, टीशर्टवर, मगवर, दुकानांच्या पाट्यांवर. त्याचं मूळ नॉर्नमध्ये आहे असं काही ठामपणे दाखवता येत नाही.

तसंच ते ‘अप हेली आ’. जानेवारीच्या शेवटच्या मंगळवारी लर्विकमध्ये शेकडो लोक मशाली घेऊन निघतात, पुढे व्हायकिंग पोशाखातली तुकडी, शेवटी एक लांब होडी जाळतात. यूट्यूबवर जरूर बघा, भन्नाट दिसतं. पण ते एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात घडवलेलं आहे. आणि खरं सांगू? मला त्या व्हायकिंग थाटापेक्षा टिल्फर जास्त खरा वाटतो. होडीच्या तळफळीचा शब्द कुणी अभिमान म्हणून जपला नव्हता. त्याच्यावर पाय ठेवावा लागायचा म्हणून तो राहिला.

म्हणूनच आता काळजी आहे. १८७२च्या कायद्याने शाळा सक्तीची झाली आणि शाळेची भाषा इंग्रजी. शेटलंडमध्ये यासाठी एक शब्द आहे, ‘नॅपिन’. म्हणजे आपली बोली सोडून साफसूफ इंग्रजी झाडणं. शब्दात थोडी टिंगल आहे. पण मुलांनी परक्यापुढे नॅपायचंच, हे घरोघरी ठरून गेलं. १९७०च्या दशकात सलम व्हो इथे तेलाचं प्रचंड टर्मिनल आलं, बाहेरची माणसं आली, पैसा आला. बोली मेलेली नाही. २०११च्या जनगणनेत जवळजवळ निम्म्या शेटलंडकरांनी आपल्याला स्कॉट्स बोलता येतं असं सांगितलं, आणि त्यांची स्कॉट्स म्हणजे ही बोली. शेटलंडची कवयित्री क्रिस्टीन डी लूका २०१४ ते २०१७ एडिनबराची राजकवी होती, तिने रोआल्ड डाल मुलांसाठी या बोलीत आणलाय.

पण काम बदललं की शब्दाखालची जमीन सरकते. एक शब्द आहे ‘मीद’. समुद्रात असताना किनाऱ्यावरच्या दोन खुणा एका रेषेत आणायच्या, म्हणजे हा डोंगर त्या घरामागे, आणि तशाच दुसऱ्या दोन. दोन रेषा छेदतात तिथे मासे. प्रत्येक मासेमारीच्या जागेचे मीद ठरलेले, बापाने मुलाला सांगितलेले. आज होडीत जीपीएस आहे, आणि असायलाच हवं. दाट स्टंबात कुणाचा मुलगा हरवू नये. पण मीद सांगायची गरज संपली, तशी त्या डोंगरांकडे समुद्रातून बघायची गरज संपली.

दुसरा शब्द ‘मोडर डाय’. मोडर म्हणजे आई. आई-लाट. जुने कोळी सांगायचे, की वरच्या लाटा वाऱ्याबरोबर कुठेही जावोत, त्यांच्याखाली एक खोल हेलकावा असतो, तो नेहमी जमिनीकडे जातो. धुक्यात काहीच दिसेनासं झालं की होडीच्या तळातून तो ओळखायचा आणि त्याच्यामागे घरी यायचं. रोझॅन वॉट या तरुण कवयित्रीने २०१९ मध्ये आपल्या पहिल्या कवितासंग्रहाला हेच नाव दिलं. कवितेत शब्द आला, छान झालं. तळव्यांनी तो हेलकावा ओळखणारं मात्र कुणी राहिलेलं नाही.

चला, माझं स्टेशन आलं. भेटू पुढच्या भागात.